कोल्हापूरच्या भानू अथय्या
मैत्रिणींनो, पिंपळनेरात आमच्या शिवणकामाला लोक ‘नुसती शिलाई’ म्हणतात. म्हणून आज भानू अथय्यांची गोष्ट. जन्म १९२९, कोल्हापूर, माहेरच्या राजोपाध्ये. मुंबईत जे. जे.मध्ये चित्रकला शिकल्या, नियतकालिकात कपड्यांची चित्रं काढली, मग १९५६च्या ‘सी.आय.डी.’पासून सिनेमाचे कपडे.

‘गांधी’ सिनेमात बॅरिस्टरच्या सुटापासून पंचापर्यंत एका माणसाचं आयुष्य कपड्यांतून दिसायला हवं होतं. शिवाय कोऱ्या करकरीत कापडातला शेतकरी खरा वाटेल का? आपण तर लगेच ओळखू!

१९८३ साली जॉन मोलोंसोबत ऑस्कर मिळालं. ऑस्कर मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय. २०१२मध्ये मात्र त्यांनी ते सांभाळायला अकादमीकडेच परत दिलं. आमच्यातल्या काहींना हे पटलं नाही. पण आपल्यामागे जपणार कोण, ही त्यांची काळजी आम्हाला कळते.