लिलीचा कंद आणि त्याच्या बदल्या

इतिहास म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे तह, लढाया आणि वंशावळी उभ्या राहतात. परंतु माणसाने आपल्या खिडकीत कोणते झाड आणून ठेवले, ते कोठून आणले, आणि त्या व्यवहारात कोणाचे पोट भरले व कोणाचे बुडाले, हाही इतिहासच होय. युरोप-अमेरिकेत ‘ईस्टर लिली’ म्हणून घरोघर कुंडीत दिसणाऱ्या शुभ्र फुलाची कथा या दृष्टीने पाहण्यासारखी आहे. बदलीचे हुकूम हाती घेऊन प्रांतोप्रांती संसार हलविणाऱ्या आपल्यासारख्यांना तर ती मुळीच परकी वाटू नये.

प्रथम नावाचा घोळ दूर केला पाहिजे. पहिल्या पावसाबरोबर आपल्या परसात फुलणाऱ्या ज्या नाजूक फुलांना आपण लिली म्हणतो, ती खऱ्या लिलीच्या कुळातील नव्हेत. शास्त्रज्ञ त्यांना अ‍ॅमरिलिसच्या कुळात घालतात. खऱ्या लिलीची खूण तिच्या कंदात आहे. कांद्यावर कोरड्या पापुद्र्याचे वेष्टन असते. लिलीच्या कंदावर ते नसते. त्याचे जाड, मांसल खवले उघडेच असतात. त्यामुळे तो लवकर सुकतो, आणि कांद्यासारखी गाढ झोपही त्याला नसते. असा कंद सातासमुद्रांपलीकडे जिवंत पोहोचविणे हे सोपे काम नव्हते.

या लिलीचे माहेर म्हणजे जपानच्या दक्षिणेकडील र्‍यूक्यू बेटांची साखळी आणि तैवान. तेथील समुद्रकाठच्या उतारांवर ती आपोआप उगवते. नागासाकीच्या देजिमा वखारीत १७७५-७६ साली डॉक्टर म्हणून राहिलेला स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञ थुनबर्ग याने १७९४ साली तिचे ‘लिलियम लाँगिफ्लोरम’ या नावाने वर्णन केले. १८१९ साली ती इंग्लंडात पोहोचली. तोपर्यंत ख्रिस्ती धर्मचित्रांत मेरीच्या शेजारी दिसणारी पांढरी लिली निराळी, भूमध्य समुद्राच्या परिसरातली होती. परंतु कुंडीत, काचेआड, माळ्याच्या इच्छेप्रमाणे फुलण्यास ही पूर्वेकडची लिली अधिक राजी असे. ब्रिटनमध्ये १८४५ साली काचेवरील कर उठला आणि काचघरे मध्यम वर्गाच्या आवाक्यात येऊ लागली. खिडकीतल्या बागेची हौस पुढे वाढतच गेली.

१८८० नंतरच्या दशकात बर्म्युडा बेटावर या कंदांची मोठी शेती उभी राहिली आणि फिलाडेल्फियाच्या विल्यम हॅरिस या रोपवाटिकावाल्याने ती अमेरिकेत लोकप्रिय केली. शतक संपता संपता रोगाने त्या शेतीला ग्रासले, आणि व्यापार पुन्हा माहेरी, जपानकडे वळला. १८९० साली स्थापन झालेल्या योकोहामा नर्सरीसारख्या कंपन्यांनी परदेशी कंद पाठविण्याचा मोठा व्यवसाय केला. र्‍यूक्यू साखळीतील ओकिनोएराबूसारख्या लहान बेटावरील शेतकऱ्यांनाही या पांढऱ्या फुलाने रोख पैसा दाखविला.

या व्यापारातील खरी कसोटी मात्र कालगणनेची होती. ईस्टरचा सण आपल्या सणांप्रमाणेच चंद्राच्या हिशेबाने येतो. तो कधी २२ मार्चला पडेल, तर कधी २५ एप्रिलला. फुलाची किंमत सणापुरतीच. दुसऱ्या दिवशी त्याला कोणी विचारीत नाही. म्हणून माळी कंदाला साधारण ६ आठवडे ४ ते ७ अंश सेल्सियसच्या गारव्यात ठेवतात आणि त्याला हिवाळा सरल्याचा भास करून देतात. पुढे काचघरात तो वाढू लागला की नमुन्याचे एखादे रोप चिरून उमलावयाची पाने मोजतात, आणि दिवसाला किती पाने सुटतात ते पाहून उष्णता कमी-अधिक करतात. पंचांग आणि तापमापक यांची अशी सांगड क्वचितच पाहावयास मिळते.

१९१९ साली लुई हॉटन नावाच्या गृहस्थाने एका सुटकेसमध्ये भरून लिलीचे कंद ऑरेगनच्या दक्षिण किनाऱ्यावर नेले आणि मित्रांना वाटले. वीस-बावीस वर्षे ती हौसच राहिली. १९४१ साली युद्धामुळे जपानचा माल बंद होताच त्या कंदांना सोन्याचा भाव आला. १९४५ पर्यंत सगळ्या पॅसिफिक किनाऱ्यावर मिळून सुमारे १,२०० लोक त्यांची लागवड करीत होते.

आणि त्याच १९४५ साली ईस्टरचा रविवार १ एप्रिलला आला. त्या दिवशी अमेरिकेतील देवळे या लिलींनी सजली असतील. नेमक्या त्याच दिवशी अमेरिकन फौजा ओकिनावावर, म्हणजे या फुलाच्या माहेरीच, उतरल्या. जूनपर्यंत चाललेल्या त्या लढाईत सुमारे एक लाख नागरिक मृत्युमुखी पडले असा अंदाज आहे. फूल येशूच्या पुनरुत्थानाचे प्रतीक मानले जाते. त्याच्या जन्मभूमीच्या वाट्याला त्या सणाला काय आले, हे कुंडीकडे पाहून कोणाला कळणार? ऑरेगनचे भाग्यही टिकले नाही. तेथील आणि शेजारच्या कॅलिफोर्नियाच्या सीमेवरील उत्पादक आज बोटांवर मोजण्याइतकेच उरले आहेत.

आपल्या देशातही या फुलाची सख्खी भावंडे आहेत. हिमालयात एक, तर निलगिरीच्या डोंगरांत रॉबर्ट वाइट याने वर्णिलेली दुसरी, तशीच लांब, शुभ्र तुतारीसारखी. उटकमंड किंवा शिमल्याकडे नेमणूक असलेल्या वाचकांनी घरी कंद लावून पाहण्यास हरकत नाही. पाणी सहज झिरपेल अशी माती, भरपूर उजेड पण दुपारच्या कडक उन्हापासून आडोसा, एवढी तिची मागणी. पुंकेसर अलगद काढून टाकले म्हणजे पाकळ्यांवर डाग पडत नाहीत. घरात मांजर असल्यास मात्र हा बेत सोडावा. लिलीचा कोणताही भाग, अगदी परागसुद्धा, मांजराच्या मूत्रपिंडांना घातक ठरतो.

मैदानी मुलखात कंद पुढच्या वर्षी फुलेलच असे नाही. हिवाळ्याचा थोडा गारवा त्याला कोठेही गेला तरी हवासा असतो. मुक्काम कितीही बदलले तरी मूळ हवेची ही एक अट त्याने आजवर सोडलेली नाही. आणि ती पुरी करणाऱ्यालाच त्याने आपले फूल दाखविले आहे.