देवमाशाचे गाणे आणि चौकटीबाहेरचा अरबी समुद्र

चित्रपटाच्या इतिहासात देवमासा बराच काळ मुका होता. १९२२ सालच्या ‘डाऊन टू द सी इन शिप्स’ या मूकपटात न्यू बेडफर्डचे शिकारी होड्या घालून त्याच्या मागे लागतात. हर्मन मेल्व्हिलच्या ‘मोबी डिक’वर १९३० मध्ये बोलपट निघाला आणि १९५६ मध्ये जॉन ह्यूस्टनने पुन्हा एक काढला. पडदा बोलू लागला होता, कप्तान एहॅबची भाषणे गाजत होती, पण देवमासा मात्र अबोलच राहिला. तो माणसाच्या सूडाचे, भयाचे किंवा नियतीचे प्रतीक होता, आणि प्रतीकाला स्वतःचा आवाज असण्याची गरज कुणाला वाटत नाही. हे सारे देवमासे स्पर्म जातीचे होते. पडद्यावरच्या देवमाशाला वाणी मिळाली ती हंपबॅक या दुसऱ्या जातीमुळे. मराठीत ‘देवमासा’ या एकाच शब्दात या साऱ्या जाती सामावतात, आणि सस्तन प्राण्याला आपण ‘मासा’ म्हणत राहतो. ज्याच्याशी ओळख नाही त्याला भाषाही एकाच नावाने हाक मारते.

या वाणीचा उगम युद्धाच्या सावलीत आहे. बर्म्युडा बेटाजवळ अमेरिकी नौदलासाठी पाण्याखालचे आवाज टिपणाऱ्या फ्रँक वॉटलिंग्टन या अभियंत्याच्या ध्वनिफितींवर काही विलक्षण सूर उमटले होते. त्याने ते रॉजर पेन आणि केटी पेन या दांपत्याच्या हाती दिले. त्यांतून १९७० मध्ये ‘साँग्ज ऑफ द हंपबॅक व्हेल’ ही ध्वनिमुद्रिका निघाली. पुढच्याच वर्षी रॉजर पेन आणि स्कॉट मॅकव्हे यांनी ‘सायन्स’ या नियतकालिकात दाखवून दिले की हे आवाज विस्कळीत नसून त्यांना निश्चित रचना आहे. सुटे स्वर मिळून वाक्खंड होतात, त्यांच्या आवृत्तीतून विषय उभा राहतो आणि अनेक विषयांचे मिळून गाणे होते. गाणारे नर असतात. एका प्रदेशातले सगळे गायक एका काळी जवळजवळ एकच गाणे गातात आणि ते गाणे हळूहळू सर्वांच्या कंठात एकदमच बदलत जाते, हे केटी पेन यांच्या पुढील अभ्यासातून स्पष्ट झाले.

साहित्याच्या अभ्यासकाला येथे ओळखीचे काहीतरी सापडते. जात्यावरची ओवी एका गावातून दुसऱ्या गावात जाताना बदलते, तरी ती त्या गावच्या बायकांची सामायिकच राहते. देहू-आळंदीच्या वाटेवर चालणाऱ्या दिंड्यांतही चालींचे असेच जतन आणि असेच रूपांतर होत असते. हे साम्य फार ताणू नये. देवमाशाच्या गाण्याचा अर्थ आपल्याला कळलेला नाही आणि ओवीला अर्थ आहे. परंतु मौखिक परंपरा आणि पाठभेद या संकल्पना केवळ माणसाच्याच मालकीच्या आहेत काय, हा प्रश्न त्या गाण्याने उभा केला एवढे खरे.

ध्वनी हाती आल्यावर चित्राचा अर्थही बदलला. झाक कूस्तो यांच्या मालिकेतील ‘द सिंगिंग व्हेल’ हा भाग १९७३ चा. त्याच्या नावातच नायक बदलल्याची खूण आहे. १९७५ मध्ये ग्रीनपीसच्या कार्यकर्त्यांनी कॅलिफोर्नियाजवळ सोव्हिएत शिकारी जहाजाला सामोरे जाऊन चित्रण केले आणि शिकारीचे दृश्य घराघरांतल्या दूरचित्रवाणीवर पोचले. जानेवारी १९७९ च्या ‘नॅशनल जिओग्राफिक’ अंकाबरोबर हंपबॅकच्या गाण्याची पातळ ध्वनितबकडी वाटली गेली, तिच्या प्रती एक कोटीहून अधिक होत्या. हार्पूनच्या दिशेने पाहणारा प्रेक्षक आता देवमाशाच्या बाजूने ऐकू लागला.

याच काळातली एक गोष्ट मराठी वाचकाने विशेष लक्षात ठेवावी अशी आहे. १९७७ मध्ये सोडलेल्या दोन ‘व्हॉयेजर’ यानांवर जी सुवर्णतबकडी आहे, तिच्यात ५५ भाषांतील शुभेच्छा आहेत आणि त्यांत मराठी आहे. त्याच तबकडीवर हंपबॅकचा आवाज आहे. आणि तिच्यावर केसरबाई केरकरांनी गायिलेली भैरवीही आहे. गोव्यातील केरी गावात जन्मलेली, अल्लादिया खाँसाहेबांच्या तालमीत घडलेली ही गायिका १६ सप्टेंबर १९७७ रोजी वारली, तेव्हा दुसरे यान सुटून अवघे ११ दिवस झाले होते. मराठी भाषा, गोव्याचा कंठ आणि देवमाशाचे गाणे सूर्यमालेबाहेर एकत्र निघाले आहेत. अवकाशात जे शेजारी झाले ते पृथ्वीवरही शेजारी होते काय, या प्रश्नाकडे आपण पुढे वळू.

तबकडीची ही कल्पना चित्रपटात नऊ वर्षांनी उलटी होऊन आली. लेनर्ड निमॉयदिग्दर्शित ‘स्टार ट्रेक ४ : द व्हॉयेज होम’ (१९८६) या चित्रपटात २३ व्या शतकातल्या पृथ्वीवर एक परके यान येते आणि हंपबॅकच्या भाषेत हाक घालते. उत्तर द्यायला कुणीच उरलेले नसते, कारण माणसाने ती जात संपवलेली असते. म्हणून नायकांना १९८६ च्या सॅन फ्रान्सिस्कोत परत जाऊन देवमाशांची एक जोडी भविष्यात न्यावी लागते. यातले बहुतेक देवमासे यांत्रिक प्रतिकृती होत्या. पण चित्रपटाचे मोल तंत्रात नाही. शेवटी यान आणि देवमासे यांच्यात जो संवाद होतो त्याचा अनुवाद पटकथा देत नाही, पडद्यावर उपशीर्षकही येत नाही. माणसाचे अस्तित्व ज्या संभाषणावर टिकले त्यातले अक्षरही माणसाला कळत नाही. ‘मोबी डिक’च्या पडद्यावर प्रतीक असलेला प्राणी येथे प्रथमच, आपल्याला न कळणाऱ्या भाषेचा, पण निःसंशय वक्ता झाला.

पुढच्या काळात हे वक्तेपण पुन्हा दृश्यात विरघळले. अँग ली यांच्या ‘लाइफ ऑफ पाय’मध्ये (२०१२) पाँडिचेरीच्या मुलाच्या तराफ्याजवळ रात्रीच्या चमचमत्या पाण्यातून एक हंपबॅक उसळतो, संगणकाने घडवलेले ते दृश्य डोळे दिपवते, पण तो समुद्र पॅसिफिक आहे. ग्रेग मॅकगिलिव्हरे यांचा भव्य पडद्यावरचा ‘हंपबॅक व्हेल्स’ (२०१५) अलास्का, हवाई आणि टोंगा येथे चित्रित झाला. मोठमोठ्या माहितीपटांतून हंपबॅकची जी कथा आपल्या मनात ठसते ती अशीच असते : ध्रुवाकडच्या थंड पाण्यात खाणे, उष्ण समुद्रात पिल्लांना जन्म देणे आणि दरवर्षी हजारो किलोमीटरांची ये-जा. मुलांना निबंधात लिहायला सांगितले तर ती हेच लिहितील. आपल्या समुद्रापुरते मात्र हे खरे नाही.

अरबी समुद्रातील हंपबॅक ही ये-जा करत नाहीत. नैर्ऋत्य मोसमी वारे ओमानच्या किनाऱ्याजवळचे खोल, थंड, पोषक पाणी वर आणतात आणि त्यावर त्यांचे पोट भरते. ज्या वाऱ्यांची मावळातला शेतकरी मृगापासून वाट पाहतो, तेच वारे या देवमाशांना अन्न पुरवतात. जनुकीय अभ्यासानुसार हा समूह सुमारे ७०,००० वर्षे इतरांपासून वेगळा आहे. ओमानच्या पाण्यातले त्यांचे गाणेही नैर्ऋत्य हिंदी महासागरातल्या गाण्याहून निराळे आढळले, म्हणजे त्यांचे घराणेच स्वतंत्र. आज त्यांची संख्या शंभराच्या आत असावी असा अंदाज आहे.

संख्या इतकी कमी का, याचे एक उत्तर १९६६ मध्ये आहे. हंपबॅकच्या शिकारीवर जगभर बंदी आली त्याच वर्षीच्या नोव्हेंबरमध्ये सोव्हिएत जहाजांनी ओमान, पाकिस्तान आणि वायव्य भारताच्या किनाऱ्यांजवळ २३८ हंपबॅक मारले. ही हत्या दडवून ठेवली गेली आणि सोव्हिएत संघ कोसळल्यानंतर, १९९७ मध्ये, युरी मिखालेव्ह या शास्त्रज्ञाच्या लेखातून जगासमोर आली. तारखांचा हा क्रम नीट पाहावा. बर्म्युडाचे गाणे १९७० मध्ये जगाने ऐकले. त्याच्या चार वर्षे आधी आपल्या समुद्रातले गायक कॅमेऱ्यावाचून, ध्वनिमुद्रकावाचून मारले गेले होते. हिंदी महासागर देवमाशांचे अभयारण्य म्हणून जाहीर झाला तो १९७९ मध्ये.

तरी सगळे संपलेले नाही. २०१७ च्या अखेरीस ओमानजवळ उपग्रह-खूण लावलेली ‘लुबान’ नावाची मादी अरबी समुद्र ओलांडून गोव्याच्या किनाऱ्याकडे आली, दक्षिणेकडे गेली आणि परत ओमानला पोचली. याच सुमारास गोव्याच्या किनाऱ्याजवळ पाण्याखालच्या ध्वनिग्राहकांनी हंपबॅकचे गाणेही टिपले. केसरबाईंच्या गोव्यासमोरच्या पाण्यात ते गाणे आहे. वर विचारलेल्या प्रश्नाचे हे उत्तर.

आता या इतिहासात पिंपरी-चिंचवड आणि चाकणचा संबंध काय, असे कुणी विचारील. ‘सॉनिक सी’ (२०१६) हा माहितीपट सांगतो की जहाजांच्या पंख्यांचा खालच्या पट्टीतला घरघराट पाण्यात दूरवर पसरतो आणि आवाजावर जगणाऱ्या प्राण्यांचे ऐकणे-बोलणे बुजवतो. चाकणला बनलेल्या मोटारी मुंबई बंदरातून जहाजांवर चढतात आणि अरबी समुद्रातूनच पश्चिमेकडे जातात. जहाजांची धडक, मासेमारीची जाळी आणि हा गोंगाट या त्या शंभरांच्या आतल्या देवमाशांपुढच्या ठळक धोक्यांपैकी आहेत. आम्ही ज्या विद्यार्थ्यांना शिकवतो त्यांच्या घरची चूल याच कारखान्यांवर पेटते. तेव्हा कारखान्यांना दोष देऊन हात झटकण्याचा सोपा मार्ग आम्हांला मोकळा नाही. जहाजांचा वेग कमी करता येतो, मार्ग थोडा वळवता येतो, यंत्रे कमी आवाजाची करता येतात. त्यासाठी कारखाने बंद करावे लागत नाहीत.

साहित्याच्या वर्गात आपण प्रत्येक संहितेला विचारतो : येथे कोण बोलतो आहे आणि कोणाला बोलू दिलेले नाही? देवमाशाच्या चित्रपटांना आणि माहितीपटांनाही हाच प्रश्न विचारायला हवा. हवाईचे निळे पाणी पाहताना आपले डोळे भरून येतात, पण ते पाणी आपल्याकडून काहीच मागत नाही. अरबी समुद्र मागतो, कारण त्यातल्या गोंगाटात आपलाही वाटा आहे.