खांब-भाडे विवाद (अमेरिका)

केबल दूरचित्रवाणी कंपन्यांनी आपल्या तारा वीज किंवा दूरध्वनी कंपन्यांच्या खांबांवरून नेल्याबद्दल किती भाडे द्यावे, यावरून अमेरिकेत झालेल्या न्यायालयीन वादांना खांब-भाडे विवाद असे म्हणता येईल. खांबाच्या मालकाचा मालमत्तेचा हक्क आणि त्या खांबावाचून ग्राहकापर्यंत पोहोचू न शकणाऱ्या व्यावसायिकाची निकड यांचा मेळ कसा घालावा, हा या वादांतील मूळ प्रश्न आहे.

पार्श्वभूमी

केबलसेवेसाठी घरोघरी तार न्यावी लागते. रस्तोरस्ती खांबांची दुसरी रांग उभारणे खर्चिक असते आणि बहुतेक ठिकाणी त्यास परवानगीही मिळत नाही. त्यामुळे केबल कंपन्यांना आधीच उभ्या असलेल्या खांबांवर जागा भाड्याने घ्यावी लागे. खांबमालक या परिस्थितीचा लाभ घेऊन अवाजवी भाडे आकारतात, अशा तक्रारी वाढल्याने अमेरिकी काँग्रेसने १९७८ मध्ये खांब-जोडणी कायदा केला. या कायद्याने ‘न्याय्य व वाजवी’ भाडे ठरविण्याचा अधिकार फेडरल कम्युनिकेशन्स कमिशनला (एफसीसी) मिळाला. जी राज्ये स्वतः असे नियमन करतात, तेथे मात्र राज्याचे नियम लागू होतात.

भाड्याचे सूत्र

तार जोडल्यामुळे मालकाला पडणारा जादा खर्च ही भाड्याची किमान मर्यादा होय. कमाल मर्यादा खांबाच्या एकूण खर्चातील वाट्यावरून ठरते. सरासरी खांब ३७.५ फूट उंचीचा मानला जातो. जमिनीत गाडलेला भाग आणि रहदारीसाठी मोकळी ठेवावयाची उंची वगळता त्यातील १३.५ फूट जागा वापरण्याजोगी धरली जाते. केबलची तार त्यातील एक फूट व्यापते असे गृहीत धरल्यास तिचा वाटा सुमारे ७.४ टक्के होतो. उदाहरणार्थ, खांबाचा वार्षिक खर्च १०० डॉलर असेल, तर कमाल भाडे ७.४० डॉलर होईल.

फ्लोरिडा पॉवर खटला (१९८७)

या सूत्राच्या आधारे आयोगाने फ्लोरिडा पॉवर कॉर्पोरेशनच्या काही करारांतील भाडे बरेच कमी केले. एका करारात ते दर खांबामागे वर्षाला १.७९ डॉलर ठरले. आपली मालमत्ता योग्य भरपाईविना घेतली गेली असून राज्यघटनेच्या पाचव्या दुरुस्तीचा भंग झाला आहे, असा कंपनीचा दावा होता. अपील न्यायालयाने तो मान्य केला. त्यासाठी त्याने लोरेटो विरुद्ध टेलिप्रॉम्प्टर (१९८२) या निकालाचा आधार घेतला. घरमालकाच्या इमारतीवर कायद्याने केबल लादणे हा मालमत्तेचा कायमचा ताबा ठरतो, असे त्या निकालात म्हटले होते.

सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी १९८७ मध्ये अपील न्यायालयाचा निर्णय एकमताने फिरविला. निकालपत्र न्यायमूर्ती थरगूड मार्शल यांनी लिहिले. लोरेटो निकालाचे लेखकही तेच होते. त्यांनी दोन्ही प्रकरणांतील भेद स्पष्ट केला. लोरेटो प्रकरणात मालकावर सक्ती होती. येथे कंपनीने स्वेच्छेने करार केले होते आणि १९७८ च्या कायद्याने खांब देण्याची सक्ती केलेली नव्हती. भाड्यावर मर्यादा घालणे म्हणजे ताबा घेणे नव्हे. शिवाय ठरविलेल्या दरातून भांडवलाच्या मोबदल्यासह खर्चाचा वाटा भरून निघत असल्याने तो दर जप्तीसमान नाही, असेही न्यायालयाने म्हटले.

नंतरचे वाद

१९९६ च्या दूरसंचार कायद्याने खांबावर जागा देणे बंधनकारक केले आणि सक्तीचा मुद्दा पुन्हा उभा राहिला. २००२ मध्ये अलाबामा पॉवर खटल्यात अपील न्यायालयाने असा निर्णय दिला की, खांब पूर्ण भरलेला असून ती जागा अधिक मोबदल्यात अन्यत्र वापरता आली असती, हे मालकाने दाखविल्याशिवाय त्याला जादा भरपाई मागता येत नाही.

त्याच तारेतून इंटरनेट दिल्यास आयोगाचा अधिकार संपतो काय, हा दुसरा प्रश्न होता. तो अधिकार कायम राहतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ च्या गल्फ पॉवर खटल्यात ठरविले.

मर्यादा

सहकारी संस्था आणि शासकीय संस्था यांच्या मालकीचे खांब या संघीय कायद्याच्या कक्षेत येत नाहीत. अनेक ग्रामीण भागांत वीज सहकारी संस्थांमार्फत पुरविली जाते. त्यामुळे तेथील भाडे परस्पर करारावर किंवा राज्याच्या कायद्यावर अवलंबून असते.