पिंजऱ्यातून सुटलेले पोपट : परमुलखातील पिकांवर व निसर्गावर होणारे परिणाम



ज्वारी हुरड्यात आली, सूर्यफुलाची फुले दाण्यांनी भरू लागली की राघूंचे थवे शेतावर उतरतात, हे आपल्याला नवीन नाही. मागे एका शिवारफेरीत राघूंनी फोडलेली कणसे दाखवत एक शेतकरी मला म्हणाले, "साहेब, हे सगळे राघू धरून परदेशात नेऊन सोडा." मी म्हटले, "काका, ते काम लोकांनी आधीच करून ठेवलंय. आता तिकडचे शेतकरी कपाळाला हात लावून बसलेत."

ही थट्टा नव्हती. आपल्या बांधावरचा राघू, म्हणजे गळ्याभोवती गुलाबी-काळा कंठ असलेला हिरवा पोपट, आज ३५ हून अधिक परक्या देशांत मोकळा राहतो आहे. काही ठिकाणी तो फक्त शोभेचा पक्षी आहे, काही ठिकाणी मात्र पिकांना आणि स्थानिक पक्ष्यांना त्याचा जाच होतो. हे कसे घडले आणि त्यातून आपण काय शिकायचे, याची माहिती या लेखात दिली आहे.

परका पोपट कोणाला म्हणायचे?

कोणताही पक्षी जन्मतः उपद्रवी नसतो. ज्या प्रदेशात तो हजारो वर्षे राहत आला, तिथे तो मूळचा. माणसाने त्याला दुसऱ्या प्रदेशात नेले, तो तिथे सुटला, स्वतःच्या बळावर पिले वाढवू लागला आणि पसरला, की तिथे तो परका. राघूचे मूळ घर म्हणजे भारतीय उपखंड आणि आफ्रिकेत सहारा वाळवंटाच्या दक्षिणेकडील पट्टा. त्यामुळे महाराष्ट्रात तो आपला आणि लंडनमध्ये परका.

जगभर सर्वाधिक पसरलेला दुसरा परका पोपट म्हणजे मंक पोपट. तो मूळचा दक्षिण अमेरिकेतील अर्जेंटिना, उरुग्वे, पॅराग्वे, ब्राझील व बोलिव्हिया या भागातला. आपल्याकडे पाळीव पक्ष्यांच्या बाजारात तो 'क्वेकर' नावाने मिळतो.

तो तिकडे पोहोचला कसा आणि टिकला कसा?

मुख्य कारण एकच : पाळीव पक्ष्यांचा व्यापार. काही पोपट पिंजऱ्यातून निसटले, काही मुद्दाम सोडले गेले. इंग्लंडमध्ये केंट परगण्यात १९६९ मध्ये मोकळ्या राघूंनी पिले वाढवल्याची नोंद झाली. ब्रुसेल्समध्ये १९७४ साली एका करमणूक उद्यानातून सुमारे ४० राघू सोडण्यात आले. आज त्या शहरात त्यांची संख्या हजारोंत आहे. युरोपीय संघाने रानातून पकडलेल्या पक्ष्यांच्या आयातीवर २००५ मध्ये तात्पुरती आणि २००७ मध्ये कायमची बंदी घातली, पण तोवर थवे स्थिरावले होते.

उष्ण देशातला पक्षी बर्फात टिकतो कसा, असा प्रश्न पडेल. युरोपातील राघूंच्या जनुकीय अभ्यासात त्यांचे मूळ प्रामुख्याने पाकिस्तान व उत्तर भारताकडचे असल्याचे दिसले. हिमालयाच्या पायथ्याची थंडी सोसणाऱ्या पक्ष्याला युरोपातील शहरे जड गेली नाहीत. शिवाय शहरात जुनी झाडे, बागांतील फळे आणि लोकांनी पक्ष्यांसाठी टांगलेले दाणे त्याला वर्षभर मिळतात.

स्थानिक परिसंस्थेवर होणारे परिणाम

*१. ढोल्यांवर कब्जा.* राघू झाडाच्या ढोलीत घरटे करतो. ढोली सहसा सुतार पक्ष्याने कोरलेली किंवा झाड कुजून तयार झालेली असते, राघू ती फक्त मोठी करून घेतो. ढोल्या मोजक्याच असतात. युरोपात राघू फेब्रुवारी-मार्चमध्येच ढोली धरतो, तेव्हा तिथल्या अनेक पक्ष्यांचा हंगाम सुरूही झालेला नसतो. बेल्जियममध्ये संशोधकांनी राघू वापरत असलेल्या ढोल्या बुजवून पाहिल्या. राघूंनी दुसऱ्या ढोल्या बळकावल्या आणि खोडावर चढ-उतार करणाऱ्या शिलिंध्री या छोट्या पक्ष्याची संख्या तिथे घटली.

स्पेनमधील सेव्हिल शहराचे उदाहरण याहून गंभीर आहे. तिथल्या मारिया लुईसा उद्यानात युरोपातील सर्वांत मोठ्या वटवाघळाची मोठी वसाहत होती. १४ वर्षांत उद्यानातील राघू सुमारे वीसपट झाले आणि वटवाघळांचा वावर असलेली झाडे ८१ टक्क्यांनी कमी झाली. ढोलीसाठी राघू वटवाघळांवर हल्ला करून त्यांना मारतात, हेही तिथे प्रत्यक्ष दिसले. वटवाघूळ रात्री किडे टिपते, म्हणजे नुकसान एका प्रजातीपुरते थांबत नाही.

*२. अन्नावर दबाव.* लंडन परिसरात केलेल्या प्रयोगात, दाण्यांच्या भांड्याजवळ राघू असेल तर स्थानिक छोटे पक्षी कमी वेळा खायला येतात, असे आढळले.

*३. रोगांचा प्रसार.* पोपटांमध्ये चोच व पिसांचा एक विषाणूजन्य रोग असतो. त्यात पिसे गळतात, चोच विकृत होते, प्रतिकारशक्ती ढासळते. मॉरिशस बेटावर एको पोपट नावाची स्थानिक प्रजाती आहे. १९८० च्या दशकात तिचे जेमतेम काही पक्षी उरले होते. मोठ्या कष्टाने ती वाचवली, पण तिला या रोगाने गाठले. त्याच बेटावर माणसाने आणलेला राघूही राहतो आणि त्याच्यातही हा विषाणू सापडतो.

एक गोष्ट मात्र स्पष्ट सांगायला हवी. परिणाम सगळीकडे सारखा नसतो. बेल्जियममध्ये शिलिंध्रीला फटका बसला, पण ब्रिटनमधील पाहणीत तसा परिणाम दिसला नाही. जुनी झाडे किती, ढोल्या किती, त्यांवर अवलंबून असलेले पक्षी कोणते, यावर हे ठरते. म्हणून 'पोपट आला की सगळे संपले' असेही नाही आणि 'पक्षीच तर आहे, काय करणार' असेही नाही.

पिकांवर होणारे परिणाम

हवाई बेटांपैकी कवाई बेटावर १९६० च्या दशकात मोजके राघू सुटले. आज ते मका, लिची, आंबा, रामबुतान अशा पिकांवर पडतात. तिथल्या राघूंच्या पोटातील अन्न तपासले, तेव्हा मका, पेरू आणि सूर्यफूल यांचा वाटा मोठा निघाला. आपल्या शेतकऱ्यांना यात नवल वाटणार नाही!

मंक पोपट अर्जेंटिनात मका व सूर्यफुलावरील कीड म्हणूनच ओळखला जातो. स्पेनमध्ये बार्सिलोना शहरात तो वाढला आणि शेजारच्या शेतांतील मका व फळांचे नुकसान करू लागला. शहरात सुटलेला पक्षी शहरातच राहत नाही, हा यातला धडा. अमेरिकेत त्याने विजेच्या खांबांवर व उपकेंद्रांत काड्यांची मोठी घरटी बांधली, त्यामुळे आगी लागणे व वीज खंडित होणे असे प्रकार घडले. स्पेनने २०१३ च्या आक्रमक परक्या प्रजातींच्या यादीत राघू आणि मंक पोपट या दोघांनाही घातले आहे.

थवा लहान असतानाच आवरणे सोपे

आता दोन बेटांची तुलना पाहा.

कवाईत १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला सुमारे ५० राघू होते. एवढ्या पक्ष्यांची कोणी चिंता केली नाही. २०१८ मध्ये ते सुमारे ६,८०० झाले. म्हणजे सरासरी दर पाच वर्षांनी दुप्पट. आता ते हटवणे अतिशय खर्चिक व अवघड झाले आहे.

सेशेल्सच्या माहे बेटावर १९७० च्या दशकात राघू सुटले. शेजारच्या प्रालिन बेटावर काळा पोपट ही तिथली दुर्मिळ प्रजाती आहे. राघू तिथवर पोहोचला तर ढोली आणि रोग, दोन्ही बाजूंनी तिला धोका होता. म्हणून तिथे पद्धतशीर मोहीम राबवली. ५४८ राघू हटवले आणि २०१९ मध्ये बेट राघूमुक्त जाहीर झाले. एवढ्या पक्ष्यांसाठीही अनेक वर्षे खपावे लागले, आणि तेही चहूबाजूंनी समुद्र असलेल्या बेटावर. सलग जमिनीवर पसरलेला थवा आवरणे याहून कितीतरी कठीण. तणाचेही तसेच असते. गाजर गवताची चार रोपे फुलोऱ्याआधी उपटणे हे अर्ध्या तासाचे काम, पण बी पडल्यावर तेच आयुष्यभराचे होते.

हाच राघू आपल्याकडे समतोल का बिघडवत नाही?

कारण इथे त्याच्यासोबत वाढलेली सगळी मंडळी आहेत. ढोलीसाठी साळुंकी आणि पिंगळा त्याच्याशी भांडतात. साप, घोरपड अंडी-पिले खातात. शिक्रा, ससाणा थव्यावर झडप घालतात. इथले पक्षी त्याचा हंगाम आणि सवयी ओळखून आहेत. आपल्या पिकाचे तो नुकसान करतो हे खरे, पण तो शेतीचा प्रश्न झाला. इथल्या परिसंस्थेत त्याची जागा ठरलेली आहे.

आपल्या भागात काय जपावे?

आपल्याकडे परदेशी पोपट पाळण्याची हौस शहरांबरोबर तालुक्याच्या गावांतही पोहोचली आहे. मंक पोपटाबाबत विशेष सावध राहावे. बाकीचे बहुतेक पोपट ढोलीवर अवलंबून असतात, हा मात्र काड्यांचे घरटे स्वतः बांधतो. अर्जेंटिनाच्या गवताळ मैदानात माणसाने निलगिरीची उंच झाडे लावली आणि त्यांवर घरटी बांधत तो पसरत गेला. निलगिरी, विजेचे खांब, मका आणि सूर्यफूल आपल्याकडेही आहेतच.

ओळखण्याच्या खुणा :

- राघूपेक्षा आखूड, सुमारे ३० सें.मी. लांबीचा, पाठ हिरवी, कपाळ व छाती राखाडी. पाळीव पक्ष्यांत निळा रंगही आढळतो.
- गळ्याभोवती कंठ नाही. राघूची चोच लाल असते, याची फिकट तपकिरी.
- झाडावर किंवा खांबावर काटक्यांचे मोठे घरटे आणि त्यात अनेक जोड्यांची वेगवेगळी दारे.

महाराष्ट्रातील राघू, करण पोपट, तुईया, सह्याद्रीतील निळ्या पंखांचा पोपट हे सगळे ढोलीत राहतात. म्हणून काटक्यांच्या घरट्यातून पोपट बाहेर येताना दिसला, तर तो इथला नाही हे नक्की समजावे.

शेतकरी व कृषी सहायकांनी पुढील गोष्टी कराव्यात :

- पाळलेला परदेशी पोपट नकोसा झाला तरी मोकळा सोडू नये. त्याला सोडण्यात पुण्य नाही. बहुतेक पक्षी उपाशी मरतात आणि जे जगतात ते पुढे प्रश्न बनू शकतात. तो जाणकार पाळणाऱ्याकडे द्यावा.
- आंतरराष्ट्रीय व्यापार करारात समाविष्ट असलेले परदेशी पक्षी पाळत असाल, तर २०२४ च्या नियमांनुसार त्यांची परिवेश पोर्टलवर नोंद करणे बंधनकारक आहे.
- अनोळखी पोपट मोकळा दिसल्यास फोटो, तारीख, ठिकाण, संख्या आणि घरटे असल्यास त्याची जागा लिहून ठेवावी व वनविभागाला १९२६ या क्रमांकावर कळवावे. घरटे स्वतः पाडू नये.
- मेलेल्या किंवा आजारी पोपटाला उघड्या हाताने शिवू नये. पोपटांपासून माणसाला फुप्फुसाचा आजार होऊ शकतो.
- बांधावरची जुनी ढोलीदार झाडे राखावीत. त्या ढोल्यांत पिंगळा राहतो आणि तो शेतातील उंदीर व किडे खातो.

आपल्या शेतातील राघूंचे काय?

राघू वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ खाली संरक्षित आहे. २०२२ च्या दुरुस्तीनंतर तो दुसऱ्या अनुसूचीत येतो. त्याला पकडणे, विकणे, पाळणे किंवा विष घालणे हा गुन्हा आहे. पिकाचे रक्षण पुढीलप्रमाणे करावे :

- गावातील ज्वारी, मका, सूर्यफूल यांची पेरणी शक्यतो एकाच आठवड्यात करावी. एकटे आगाप किंवा मागास शेत सगळा थवा ओढून घेते.
- दाणा चिकात येताच लाल-चंदेरी चमकणारी फीत पिकाच्या वर फूटभर, पीळ देऊन ताणून बांधावी. आधीपासून बांधल्यास पक्षी सरावतात आणि फितीचा उपयोग राहत नाही.
- राखण सकाळचे पहिले दोन-तीन तास आणि संध्याकाळी करावी. गोफण, डबा, बुजगावणे यांची जागा व आवाज दर दोन-तीन दिवसांनी बदलावा.
- मक्याच्या कडेच्या तीन-चार ओळींतील कणसांना त्याच झाडाची पाने गुंडाळावीत.
- पेरूच्या फळांना फोमची जाळी व पिशवी घालावी. डाळिंबाच्या बागेवर पक्षीरोधक जाळी ताणून बसवावी. सैल जाळीत पक्षी अडकून मरतात.
- पीक पक्व होताच काढणी करावी.

आपल्या राघूला राखणीने आवरता येते. परक्या मुलखात सुटलेला पोपट मात्र काही वर्षांनी राखणीच्या पलीकडे जातो. म्हणून पिंजऱ्याचे दार उघडण्याआधी एकदा कवाईचे ते पन्नास पक्षी आठवावेत.