द टाइम ट्रॅव्हलर्स वाइफ

द टाइम ट्रॅव्हलर्स वाइफ (शब्दशः अर्थ : 'कालप्रवाशाची पत्नी') ही अमेरिकन लेखिका व चित्रकार ऑड्री निफेनेगर यांची पहिली कादंबरी होय. ती २००३ साली मॅकॲडम/केज या सॅन फ्रान्सिस्को येथील प्रकाशनसंस्थेने प्रसिद्ध केली. स्वतःच्या इच्छेविरुद्ध काळात मागेपुढे फेकला जाणारा ग्रंथपाल हेन्री डीटॅम्बल आणि त्याची पत्नी, कलाकार क्लेअर ॲबशायर यांची ही प्रेमकथा आहे. विज्ञानकथा व प्रणयकथा या दोन्ही प्रकारांत तिची गणना केली जाते.

पार्श्वभूमी

निफेनेगर यांचा जन्म १९६३ साली मिशिगन राज्यातील साउथ हेवन येथे झाला. शिकागोमध्ये कलाशिक्षण घेतल्यानंतर त्यांनी मुद्राचित्रण आणि हस्तनिर्मित पुस्तके या क्षेत्रांत काम केले व त्याचे अध्यापनही केले. कादंबरीचे शीर्षक त्यांना १९९७ साली सुचले. प्रारंभी ही कथा चित्रकादंबरीच्या रूपात मांडण्याचा त्यांचा विचार होता. मात्र काळातील अचानक बदल स्थिर चित्रांतून दाखवणे अवघड असल्याचे जाणवल्यामुळे त्यांनी गद्य कादंबरीचा मार्ग स्वीकारला. वृद्ध क्लेअर हेन्रीची वाट पाहत आहे, हा शेवटचा प्रसंग त्यांनी सर्वांत आधी लिहिला.

लेखिकेच्या परिचयाची स्थळे कादंबरीत ठळकपणे येतात. हेन्री शिकागोतील न्यूबेरी ग्रंथालयात नोकरी करतो, तर क्लेअरचे माहेर साउथ हेवनजवळ आहे. क्लेअर हाताने कागद तयार करून त्यापासून शिल्पे घडवते.

कथानक

हेन्रीला एक जनुकीय विकार आहे. मानसिक ताण वाढला की तो वर्तमानातून नाहीसा होतो आणि भूतकाळात, क्वचित भविष्यकाळात प्रकट होतो. कोठे व केव्हा जायचे, तेथे किती वेळ राहायचे, यांपैकी काहीही त्याच्या हाती नसते. शरीराखेरीज कोणतीही वस्तू त्याच्याबरोबर जात नाही. परिणामी प्रत्येक वेळी तो विवस्त्र अवस्थेत अनोळखी जागी पोहोचतो. तगून राहण्यासाठी त्याला कपडे चोरणे, कुलपे उघडणे आणि वेगाने पळणे शिकावे लागते. यातील काही विद्या तो लहानपणी आपल्याच प्रौढ रूपाकडून शिकतो. त्याची आई मोटार अपघातात मरण पावलेली आहे. त्या घटनेपाशी तो पुन्हा पुन्हा जाऊन पोहोचतो, परंतु ती टाळू शकत नाही.

१९७७ साली सहा वर्षांच्या क्लेअरला घराजवळच्या कुरणात छत्तीस वर्षांचा हेन्री प्रथम भेटतो. ती अठरा वर्षांची होईपर्यंत अशा १५२ भेटी होतात. त्यानंतर दोन वर्षे तो येत नाही. १९९१ साली न्यूबेरी ग्रंथालयात क्लेअर त्याला ओळखते. पण अठ्ठावीस वर्षांचा हेन्री मात्र तिला प्रथमच पाहत असतो, कारण तिच्या बालपणातील भेटी त्याच्या आयुष्यात अजून घडायच्या असतात.

१९९३ साली दोघांचा विवाह होतो. विवाहविधीच्या ऐन वेळी तरुण हेन्री नाहीसा होतो आणि वयाने मोठा हेन्री त्याच्या जागी उभा राहतो. पुढे क्लेअरचे अनेकदा गर्भपात होतात, कारण गर्भालाही पित्याचा विकार लाभलेला असतो. हेन्री डेव्हिड केंड्रिक या जनुकशास्त्रज्ञाची मदत घेतो. क्लेअरच्या जिवाला असलेला धोका पाहून तो नसबंदी करून घेतो. तथापि भूतकाळातून आलेल्या हेन्रीपासून तिला पुन्हा दिवस जातात आणि २००१ साली आल्बा या कन्येचा जन्म होतो. आल्बादेखील कालप्रवासी आहे, पण तिला या प्रवासावर काही प्रमाणात नियंत्रण ठेवता येते.

एका हिवाळी रात्रीच्या प्रवासात हिमबाधा झाल्यामुळे हेन्रीची पावले कापावी लागतात. त्यामुळे पळून जीव वाचवण्याचे त्याचे एकमेव साधन नष्ट होते. त्रेचाळिसाव्या वर्षी, क्लेअरच्या बालपणातील त्याच कुरणात शिकारीची गोळी लागून तो वर्तमानात परततो व मरण पावतो. क्लेअरसाठी ठेवलेल्या पत्रात त्याने तिच्या वृद्धापकाळातील एका भेटीची सूचना दिलेली असते. बयाऐंशी वर्षांची क्लेअर त्या भेटीची वाट पाहत असताना कादंबरी संपते.

रचना

हेन्री आणि क्लेअर आलटूनपालटून प्रथमपुरुषी, वर्तमानकाळी निवेदन करतात. बहुतेक प्रसंगांच्या आरंभी दिनांक व त्या क्षणीची दोघांची वये दिलेली आहेत. त्यामुळे घटना कालानुक्रमे नसल्या तरी वाचकाला संदर्भ लागतो. एकाच प्रसंगी दोन वेगवेगळ्या वयांचे हेन्री उपस्थित असल्यास दोन्ही वये नोंदवली जातात.

आशयसूत्रे

कादंबरीतील काळ एकच व अपरिवर्तनीय आहे. हेन्री भूतकाळात वावरू शकतो, पण तेथे तो जे काही करतो ते आधीच घडून गेलेले असते. कुरणातील भेटींच्या दिनांकांची यादी हे याचे ठळक उदाहरण होय. लहान क्लेअर ती हेन्रीच्या सांगण्यावरून लिहून घेते, आणि हेन्रीला ती माहीत असते ती प्रौढ क्लेअरने दिल्यामुळे. यादी मूळ कोणी तयार केली, या प्रश्नाला उत्तर उरत नाही. मुक्त इच्छा आणि नियती यांचा विचार अशा प्रसंगांतून मांडला जातो.

दुसरे महत्त्वाचे सूत्र प्रतीक्षेचे आहे. भटकणारा पती आणि वाट पाहणारी पत्नी या नात्यामुळे कादंबरीचा संबंध होमरच्या 'ओडिसी'तील ओडिसियस व पेनेलोपी यांच्याशी जोडला जातो. हेन्रीच्या अनुपस्थितीत क्लेअरच्या वाट्याला येणारी काळजी व एकटेपणा यांना कादंबरीत त्याच्या प्रवासाइतकेच स्थान आहे. कालप्रवासाकडे दांपत्यजीवनातील दुरावा, आजारपण आणि मृत्यू यांचे रूपक म्हणूनही पाहिले जाते.

प्रकाशन व प्रतिसाद

अनेक साहित्य-प्रतिनिधींनी नाकारल्यानंतर हस्तलिखित मॅकॲडम/केजकडे पोहोचले. लेखक स्कॉट टुरो यांनी 'टुडे' या दूरचित्रवाणी कार्यक्रमात शिफारस केल्यावर पुस्तकाची मागणी झपाट्याने वाढली. ब्रिटनमध्ये रिचर्ड अँड जूडी यांच्या पुस्तक मंडळाने केलेल्या निवडीचाही मोठा लाभ झाला. मार्च २००९पर्यंत अमेरिका व ब्रिटन मिळून सुमारे २५ लाख प्रती विकल्या गेल्या होत्या. २००५ साली आर्थर सी. क्लार्क पुरस्काराच्या अंतिम यादीत कादंबरीचा समावेश झाला, तर २००६ साली तिला लोकप्रिय कथासाहित्यासाठीचा ब्रिटिश बुक पुरस्कार मिळाला.

समीक्षकांनी कालप्रवासाच्या अभिनव वापराची प्रशंसा केली; काहींनी भाषा आणि भावनाट्याच्या अतिरेकावर टीका केली. प्रौढ हेन्री व लहान क्लेअर यांच्या भेटींवरही आक्षेप घेण्यात आले. आपण याच पुरुषाशी विवाह करणार हे बालपणीच ठाऊक झालेल्या मुलीची निवड कितपत स्वतंत्र म्हणता येईल, हा त्यांतील कळीचा प्रश्न आहे. क्लेअरच्या आवडीनिवडी व अपेक्षा हेन्रीमुळे घडतात. उलट तरुण, बेफिकीर हेन्रीला क्लेअर आपल्या परिचयाच्या प्रौढ हेन्रीकडे नेते. त्यामुळे कोणी कोणाला घडवले, हा वाद कादंबरी निकालात काढत नाही.

रूपांतरे

रॉबर्ट श्वेंटके दिग्दर्शित चित्रपट १४ ऑगस्ट २००९ रोजी अमेरिकेत प्रदर्शित झाला. त्यात रेचल मॅकॲडम्स व एरिक बाना यांच्या प्रमुख भूमिका होत्या. 'डॉक्टर हू' मालिकेतील 'द गर्ल इन द फायरप्लेस' (२००६) हा भाग लिहिताना स्टीव्हन मॉफॅट यांनी या कादंबरीपासून प्रेरणा घेतली होती. पुढे त्यांनीच कादंबरीवर आधारित सहा भागांची मालिका लिहिली. रोझ लेस्ली व थिओ जेम्स यांच्या भूमिका असलेली ही मालिका २०२२ साली एचबीओवर प्रसारित झाली आणि एका पर्वानंतर बंद करण्यात आली. त्याच वर्षी इंग्लंडमधील चेस्टर येथे संगीत नाट्यरूपांतराचा प्रथम प्रयोग झाला. त्याची संहिता लॉरेन गंडरसन यांची, तर गीत-संगीत जॉस स्टोन व डेव्ह स्ट्युअर्ट यांचे आहे. २०२३ साली हे नाटक लंडनच्या अपोलो नाट्यगृहात सादर झाले.