सावेदादांची फीत



बोईसरच्या फलाटावर किंवा तारापूरच्या किनाऱ्यावर हातांत मोबाईल उंच धरून, अदृश्य मित्रमंडळीशीं बोलावें तसें बोलत चाललेला तरुण आतां कोणाच्याहि कुतूहलाचा विषय राहिलेला नाहीं. या उद्योगास व्लॉग म्हणतात. त्याचा जन्म अमेरिकेंत झाला असें सांगतात, व तें एका अर्थीं खरें आहे. ॲडम कोंट्रास या गृहस्थानें २ जानेवारी २००० रोजीं आपल्या इंटरनेटवरील रोजनिशीस चलच्चित्राची जोड दिली. पुढें २३ एप्रिल २००५ रोजीं जावेद करीम याची, सॅन डिएगोच्या प्राणिसंग्रहालयांत हत्तींसमोर उभें राहून घेतलेली एकोणीस सेकंदांची फीत यूट्यूबवर पहिली म्हणून चढली.

परंतु कॅमेरा स्वतःच्या पैशानें घ्यावयाचा, कथानाट्य बाजूस ठेवून भोंवतालचें जग टिपावयाचें, आणि तें स्वतःच लोकांस दाखवावयाचें, हें काम मुंबईच्या एका मराठी माणसानें याच्या शंभर वर्षें आधीं केलें होतें. त्यांचें नांव हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. लोक त्यांस सावेदादा म्हणत. आमच्या पालघर भागांत सावे हें आडनांव पुष्कळ घरीं आढळतें, म्हणून ते येथलेच असावेत असा समज होण्याचा संभव आहे. पण त्यांचें आडनांव भाटवडेकर हेंच.

सावेदादांचा जन्म १८६८ सालचा. धंदा छायाचित्रकाराचा. ७ जुलै १८९६ रोजीं मुंबईच्या वॉटसन हॉटेलांत ल्यूमिएर बंधूंच्या चलच्चित्रांचा पहिला खेळ झाला. तिकीट एक रुपया. जेमतेम मिनिटभर चालणारीं तीं दृश्यें पाहून मुंबईकर थक्क झाले आणि घरीं गेले. सावेदादांनीं मात्र तसलें यंत्र मिळविण्याचा ध्यास घेतला, आणि इंग्लंडांतील रायली या कंपनीकडून एकवीस गिनींस कॅमेरा मागविला. त्या काळच्या हुंडणावळीनें ही रक्कम सव्वातीनशें रुपयांवर जाते. आणि एवढें देऊन, पुढें पैसा मिळेल याची हमी कोणाचीच नव्हती.

१८९९ सालीं मलबार टेकडीवरील हँगिंग गार्डनमध्यें पुंडलीकदादा व कृष्णा न्हावी यांची कुस्ती झाली. तीच सावेदादांची पहिली फीत. ती धुण्यासाठीं विलायतेस पाठवावी लागली. आपण काय टिपलें, तें नीट उतरलें कीं नाहीं, हें कळावयास बोटीच्या जाण्यायेण्याची वाट पाहणें भाग होतें. मधल्या काळांत त्यांनीं प्रक्षेपणयंत्र घेऊन तंबूंतून परदेशी चित्रांचे खेळ सुरू केले. दुसरी फीत माकडवाला व त्याचीं माकडें यांची. एकानें माकडें टिपलीं, दुसऱ्यानें हत्ती. आरंभ करणाऱ्यांस जनावरांचा मोह आवरत नाहीं असें दिसतें!

पण सावेदादांचें खरें महत्त्व मला त्यांच्या १९०१ सालच्या फितींत वाटतें. रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे हे १८९९ मध्यें केंब्रिजच्या गणिताच्या परीक्षेंत सीनियर रँग्लर झाले होते. हा मान मिळविणारे ते पहिले हिंदी. डिसेंबर १९०१ मध्यें ते मायदेशीं परतले, तेव्हां मुंबईंत झालेलें त्यांचें स्वागत सावेदादांनीं टिपलें. हिंदुस्थानांतील पहिला वार्तापट म्हणून ही फीत ओळखली जाते. सरकारी समारंभ टिपणारे पुष्कळ मिळाले असते, आणि १९०३ चा दिल्ली दरबार सावेदादांनींहि टिपला. परंतु कोंकणांतल्या एका बुद्धिमान तरुणाचें परत येणें ही जपून ठेवण्याजोगी घटना आहे, हें त्यांस कोणीं सांगावें लागलें नाहीं.

पुढें त्यांनीं चित्रण सोडलें व गेइटी थिएटरचा कारभार पाहिला. १९५८ सालीं ते वारले. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ चा. त्याची कीर्ति योग्यच आहे. पण कथापट पुनःपुन्हां दाखवितां येतो. घटनेची फीत मात्र घटना शिळी झाली कीं अडगळींत पडते. त्यांतून त्या काळचें सेल्युलॉइड चटकन् पेट घेणारें व आपोआप कुजणारें. सावेदादांची एकहि फीत आज पाहावयास मिळत नाहीं. रँग्लर परांजपे बोटीवरून उतरल्यावर कसे चालले, कसे हंसले, हें पाहण्याचा आपला हक्क कोणाच्या दुष्टाव्यानें नव्हे, निव्वळ हेळसांडीनें बुडाला.

हें आमच्या भागास लागू पडतें. तारापूर अणुवीज केंद्राच्या तिसऱ्या व चौथ्या संचांसाठीं अक्करपट्टी व पोफरण हीं गांवें उठलीं. तेथल्या एखाद्या साध्या दिवसाची फीत कोणाच्या घरीं असेल, तर तिचें मोल लग्नाच्या चित्रणाहून थोर आहे. वाढवण बंदराची पायाभरणी ३० ऑगस्ट २०२४ रोजीं पालघर येथें झाली. त्या किनाऱ्याचीं, होड्यांचीं, वाळत घातलेल्या मासळीचीं दृश्यें ज्यांच्या मोबाईलमध्यें असतील, त्यांनीं मोबाईल बदलण्यापूर्वीं, तारीख व ठिकाण लिहून, तीं दुसरीकडे उतरवून ठेवावींत.