आत्याचं डी.एड. आणि सुप्रीम कोर्ट

२०२३ च्या दिवाळीत आमच्याकडे फराळाच्या ताटाभोवती एक खटला चालला. वादी माझी भाची, बी.एस्सी. बी.एड. प्रतिवादी आत्या, म्हणजे बाबांची मोठी बहीण. जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त झालेली, जुनी डी.एड. न्यायाधीश कोणीच नव्हतं, सगळे चकल्या खात होते.

"आत्याआजी, मी ग्रॅज्युएट, वर दोन वर्षं बी.एड. आणि सुप्रीम कोर्ट म्हणतं, मी पहिली ते पाचवीला शिकवायला पात्र नाही. बारावीनंतर डी.एड. केलेला मुलगा मात्र पात्र! हा कुठला न्याय?"

आत्या शांतपणे म्हणाली, "अगं, 'र' उलटा काढणाऱ्या पोराला तू काय करशील?"

भाची गप्प झाली, पण पटलं नाही हे तिच्या चेहऱ्यावर दिसत होतं. आणि खरं सांगू? मलाही तेव्हा अर्धंच पटलं होतं. मग मी आपली सवयीप्रमाणे जुनी कागदपत्रं आणि निकाल वाचत बसले, आणि लक्षात आलं की हे भांडण चकलीइतकं ताजं नाही.

१९८६ साली आंध्र प्रदेशातून एक प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं होतं. मान्यता नसलेल्या अध्यापक विद्यालयांत मुलांनी प्रवेश घेतला, फी भरली, वर्ष काढलं, आणि मग विनंती केली की निदान परीक्षेला तरी बसू द्या. कोर्टाने नकार दिला. १९९२ मध्ये हाच प्रसंग महाराष्ट्रातून आला. मुंबई उच्च न्यायालयाने मुलांना परीक्षेला बसू देण्याचा आदेश दिला होता, तो सुप्रीम कोर्टाने रद्द केला. कोर्टाचा रोख असा, की अशी दुकानं गल्लोगल्ली निघतात, धड इमारत नाही, शिकवणारे नाहीत, आणि दयेपोटी त्यांतल्या मुलांना पुढे सोडलं तर उद्या ती पन्नास-पन्नास पोरांसमोर उभी राहणार. त्या पोरांची दया कोणी करायची?

मुद्दा बिनतोड आहे. पण आमच्या नात्यात एक दादा आहे (तो हे वाचेल, म्हणून नाव लिहीत नाही). त्याच सुमारास तो अशाच एका विद्यालयात गेला होता. काकांनी बैलजोडी विकून पैसे भरले. पाटी होती, शिक्का होता, 'मान्यता लवकरच' असं तोंडी आश्वासन होतं. परीक्षेचे फॉर्म आलेच नाहीत. पाठ टाचणांच्या दोन वह्या घेऊन दादा घरी परतला. पैसे परत मिळाले नाहीत, हे सांगायला नकोच. संस्था चालवणाऱ्यांचं काय झालं म्हणता? काही नाही.

अशा प्रकारांना आळा घालायला १९९३ साली राष्ट्रीय अध्यापक शिक्षा परिषदेचा कायदा झाला. आता कुठल्या संस्थेला मान्यता, प्रवेशाला किती टक्के, अभ्यासक्रम किती वर्षांचा, हे सगळं परिषद ठरवणार. म्हणजे भांडण मिटलं? छे! आता भांडण परिषद आणि राज्य सरकार यांच्यात. महाराष्ट्र सरकार म्हणत होतं, आमच्याकडे शिकलेले शिक्षक बेकार फिरताहेत, नवी बी.एड. कॉलेजं नकोत. २००६ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं, हा अधिकार तुमचा नाही, परिषदेचा. पुढे महाराष्ट्रातल्याच २९१ डी.एड. संस्थांच्या मान्यतेवरून असा गुंता झाला की कोर्टाने २०११ मध्ये न्यायमूर्ती जे. एस. वर्मा यांचा आयोग नेमला. (हो, तेच वर्मा. निर्भया प्रकरणानंतरच्या समितीचे.) तपासणीत त्यांतल्या बहुतेक संस्था अपात्र निघाल्या.

आता भाचीचा प्रश्न. तोही जुनाच. २००३ मध्ये केरळच्या एका खटल्यात बी.एड. उमेदवार हेच म्हणाले होते, की आमची पदवी वरची, मग खालच्या वर्गाला का चालत नाही? कोर्टाने तेव्हाच सांगितलं, की वरची-खालची हा हिशेबच चुकीचा. दोन्ही प्रशिक्षणं वेगळ्या वयाच्या मुलांसाठी आहेत. मग २०१८ मध्ये केंद्राच्या सूचनेवरून परिषदेने अधिसूचना काढली, की बी.एड. चालेल, फक्त नेमणुकीनंतर दोन वर्षांत सहा महिन्यांचा एक कोर्स करा. राजस्थानातून वाद उभा राहिला आणि ११ ऑगस्ट २०२३ ला सुप्रीम कोर्टाने ती अधिसूचना रद्द केली.

मधल्या पाच वर्षांत ज्यांनी त्या अधिसूचनेवर विसंबून बी.एड.ला प्रवेश घेतला त्यांचं काय? भाची त्यांतलीच. तिला कोणत्याही खोट्या पाटीने फसवलं नव्हतं. तिच्यासमोर सरकारी राजपत्र होतं!

निकाल मला आज चूक वाटत नाही. आत्याच्या ट्रंकेतली वही पाहिल्यावर तर नाहीच. हातचा घेऊन वजाबाकी शिकवण्याचा एक सराव पाठ, त्यासाठी चिंचोके किती, काड्यांच्या जुड्या किती, मुलं कुठे अडखळतील, सगळं लिहिलेलं. बी.एड.मध्ये भाचीने प्रकाशाचं अपवर्तन उत्तम शिकवलं असेल, पण चिंचोके मोजले नव्हते. ते तिनेही नंतर कबूल केलं, जरा कुरकुरत.

एप्रिल २०२४ मध्ये कोर्टाने खुलासा केला, की आधीच नियमित नेमणूक झालेल्या बी.एड. शिक्षकांना काही अटींवर संरक्षण आहे. भाचीने ती बातमी फॅमिली ग्रुपवर टाकली. एरवी फक्त 'गुड मॉर्निंग'ची फुलं पाठवणाऱ्या दादाने त्यावर एकच ओळ लिहिली, "तारीख कुठली धरलीय?"

तारीख होती निकालाची, ११ ऑगस्ट २०२३. भाचीची नेमणूक तोवर झालेली नव्हती.